मृण्मयी चौथ्या दिवशी निघून जाते

हितेंद्र भारंबे यांना राग यायला कारण लागत नसे. कारण सापडलं नाही, तर ते सापडलं नाही म्हणून ते चिडत. जळगावातल्या एका विमा कार्यालयात ते वरिष्ठ लिपिक होते. तिथे साहेबांवर चिडायची सोय नव्हती, म्हणून आठवडाभराचा राग ते जपून घरी आणत आणि एका स्थानिक साप्ताहिकातल्या ‘परखड’ नावाच्या सदरात ओतत. मिक्सर, पंखे, मोबाईल, हॉटेलातली शेवभाजी, लग्नातली पंगत, भारंब्यांच्या तावडीतून काही सुटत नसे. एका हॉटेलवाल्याने तर त्यांचा फोटो भटारखान्यात लावला होता आणि खाली लिहिलं होतं, ‘हे आले तर आधी मालकांना सांगणे.’ (हा किस्सा भारंबे अभिमानाने सांगत. फोटो चांगला आला नाही, एवढीच त्यांची तक्रार होती.)

तर दिवाळीनंतरच्या एका शनिवारी सकाळी साप्ताहिकाचे संपादक लीलाधर वारके यांचा फोन आला.

“भाऊ, एक गेम होता बघा. ‘तीस दिवसांत मृण्मयी’. आठवतो?”

न आठवून कसं चालेल? सहा वर्षांपूर्वी भारंब्यांनीच त्याची सालटी काढली होती. कॉम्प्युटरवर खेळायचा खेळ. त्यात मृण्मयी नावाची, ग्रंथालयात काम करणारी मुलगी असते आणि तिच्याशी बोलून-चालून, तिला चहा पाजून तीस दिवसांत तिचं मन जिंकायचं असतं. कंपनीने खेळ इंग्रजीत बनवला होता आणि मराठी यंत्राकडून करून घेतलं होतं. त्यामुळे पहिल्याच भेटीत मृण्मयी लाजून विचारायची, “तू मला तारखेवर घेऊन जाशील का?” (भारंब्यांनी तेव्हा लिहिलं होतं : ‘आमच्याकडे तारखेवर लोक कोर्टात जातात, आणि तिथून कोणाचं लग्न जमून आल्याचं ऐकिवात नाही.’ हे वाक्य वकील मंडळींच्या ग्रुपवर वर्षभर फिरत होतं.) अकराव्या दिवशी तिचा चेहरा गायब व्हायचा आणि नुसता आंबाडा बोलत राहायचा. पुढे ती कंपनीच बंद पडली.

“तो आता दुरुस्त झालाय,” लीलाधरभाऊ म्हणाले. “कंपनीने नाही हो. ज्यांना तो आवडायचा अशा पाच पोरापोरींनी मिळून, स्वतःच्या हौसेनं. मराठी तर अख्खं नव्यानं लिहिलंय. त्यातली एक मुलगी आपल्या धुळ्याची आहे. खान्देशचं नाव काढलं पोरीनं! या खेपेला दोन शब्द चांगले लिहा.”

‘चांगले लिहा’ हे ऐकलं आणि भारंब्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. काय लिहायचं ते आता संपादक सांगणार?

“बघतोच,” ते म्हणाले.

एवढंच म्हणाले. पण पुढे जे काही झालं, ते सगळं त्या ‘बघतोच’पासून.

जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप मांडून ते खेळायला बसले. आत स्वयंपाकघरात त्यांची बायको कामिनी गॅसवर भरताची वांगी भाजत होती. कामिनी एका शिक्षणसंस्थेच्या शाळेत बावीस वर्षं गणित शिकवत होती. लग्नालाही तेवढीच वर्षं झाली होती. शाळेतली मुलं तिचं ऐकत.

“अहो, संस्थेचं पत्र आलंय,” ती आतून म्हणाली.

“हं.”

“मुख्याध्यापिका करतायत मला. पण धुळ्याच्या शाळेत. रोज जाऊन-येऊन काही जमायचं नाही, तिथे खोली घ्यावी लागेल. ऐकताय ना?”

“ऐकतोय, ऐकतोय.”

“पुढच्या सोमवारी हजर व्हायचंय. शनिवार-रविवार मी येईन नाहीतर तुम्ही या. मग होकार कळवू?”

नेमकी त्याच क्षणी मृण्मयी पडद्यावर अवतरली होती. भारंबे घाईघाईने म्हणाले, “कळव ना! त्यात मला काय विचारायचं?”

कामिनी हातात वांगं घेऊन स्वयंपाकघराच्या दारात आली. नवरा इतक्या सहज हो म्हणेल असं तिला स्वप्नातही वाटलं नव्हतं. तिचे डोळे भरून आले. (वांग्याचा धूरही होताच म्हणा.) भारंब्यांची पाठ तिच्याकडे होती. त्या पाठीकडे तिने इतक्या मायेने कित्येक वर्षांत पाहिलं नव्हतं.

इकडे मृण्मयी आता शुद्ध, घरगुती मराठी बोलत होती. भारंबे हिरमुसले. व्याकरणाची चूक नाही, चेहरा जाग्यावर, आंबाडा त्याच्या जागी. राग धरायला कुठे फटच नाही! तेवढ्यात त्यांच्या लक्षात आलं, की ही बाई फार बोलते. बसल्या बसल्या ग्रंथालयाचं सांगते, आईचं सांगते, वरच्या मजल्यावरच्या गळक्या नळाचं सांगते. नशिबाने कीबोर्डवरची लांब पट्टी दाबली की तिचं बोलणं झरझर पुढे सरकत होतं. पडद्याच्या कोपऱ्यात तसं लिहिलंच होतं : ‘पुढे’. भारंब्यांनी अंगठा त्या पट्टीवर ठेवला तो ठेवलाच.

चौथ्या दिवशी मृण्मयी म्हणाली, “माझं काहीच तुमच्यापर्यंत पोचत नाही. निघते मी.” आणि ती बसमध्ये बसून निघून गेली. पडदा काळा.

भारंब्यांनी पुन्हा सुरू केलं. या वेळी समोसा खाऊ घातला. चौथ्या दिवशी गेली. तिसऱ्यांदा गजरा दिला. गेली. चौथ्यांदा तर त्यांनी ‘तू आज छान दिसतेस’ हे वाक्य आठ वेळा निवडलं. तिसऱ्या दिवशी संध्याकाळीच गेली असती, पण बस चौथ्या दिवशीची होती.

“सापडली!” भारंबे ओरडले. “चूक सापडली!”

“काय हो?” कामिनीने विचारलं.

“काही नाही,” ते म्हणाले आणि भरीत खाता खाता लिहायला बसले. (भरीत फक्कड झालं होतं. ते त्यांना पुढे दोन आठवड्यांनी आठवलं.)

दुसऱ्या दिवशी ‘परखड’ छापून आलं. मथळा : ‘दुरुस्ती की नासाडी?’ खाली भारंब्यांनी लिहिलं होतं : ‘पूर्वीची मृण्मयी बिनडोक होती, पण टिकाऊ होती. अकरा दिवस चालायची. हौशी दुरुस्तीवाल्यांनी तिचं मराठी सुधारलं आणि आयुष्य कमी केलं. माणूस काहीही करो, ही बया चौथ्या दिवशी निघून जाते. ज्यांना खेळ नीट करता येत नाही त्यांनी पंक्चरं काढावीत. तिथे निदान हवा राहिली की नाही ते लगेच कळतं.’

सोमवारी दुपारी फोन वाजला.

“भारंबे सर का? मी कहकशा बोलतेय, धुळ्याहून. गेम दुरुस्त करणाऱ्यांपैकी. तुमचं वाचलं.”

“बोला.”

“मृण्मयी चौथ्या दिवशी जाते ती चूक नाही, सर. तुम्ही जसे खेळलात, त्यामुळे जाते.”

“म्हणजे चूक माझी?”

“हो.”

भारंब्यांना इतका छोटा ‘हो’ आजवर कोणी ऐकवला नव्हता. कार्यालयातला शिपाईसुद्धा त्यांना ‘तसं नाही साहेब, पण’ म्हणायचा. त्यांच्या अंगाचा तिळपापड झाला.

“अहो बाई, मी एकोणीस वर्षं परीक्षणं लिहितोय!”

“लिहिताय ना. वाचता का, ते विचारतेय. तिची वाक्यं वाचलीत?”

“सगळी!”

“मग तिच्या आईला काय झालंय?”

भारंबे आवाज चढवून म्हणाले, “ते विषयांतर आहे! मी शनिवारी धुळ्याला येतो. तुमच्या डोळ्यांदेखत खेळतो. गेली चौथ्या दिवशी, तर माफी मागायची. छापून!”

“या. पत्ता पाठवते. आणि नाही गेली तर तुम्ही मागायची. छापून.”

फोन बंद झाला. आधी कोणी बंद केला यावरून भारंबे संध्याकाळपर्यंत धुमसत राहिले. तिनेच केला होता.

शुक्रवारी संध्याकाळी कामिनी पिशव्या भरत होती. “मी उद्या सकाळच्या बसने धुळ्याला निघतेय,” ती म्हणाली.

“मीही येतोय.”

तिच्या हातातली साडी तशीच राहिली. “तुम्ही? खरंच येताय?”

“म्हणजे काय! आता माघार नाही.”

“मला वाटत होतं, तुम्हाला मनातून आवडलं नसेल.”

“आवडण्या-नावडण्याचा प्रश्नच नाही, इभ्रतीचा आहे,” भारंबे छाती काढून म्हणाले. “लोकांना कळू दे आपण कोण आहोत ते.”

नवऱ्याला आपल्या बढतीचा इतका अभिमान वाटतो हे ऐकून कामिनीने त्या रात्री त्यांना शेंगदाण्याची चटणी दोनदा वाढली.

सकाळी जळगावच्या स्टँडवर भारंब्यांनी सामान पाहिलं आणि त्यांचा पारा चढला. तीन पिशव्या, एक वळकटी आणि कुकर. ही धुळ्याला माहेरी दोन दिवस राहणार, त्याला गादी कशाला? कुकर कशाला? सासूबाईंकडे कुकर नाही का? पण आज भांडण एकाच ठिकाणी करायचं त्यांनी ठरवलं होतं, म्हणून ते गप्प बसले. वरच्या फळीवर जागा नव्हती. कुकर त्यांच्या मांडीवर आला. एरंडोल गेलं, पारोळा आला. प्रत्येक खड्ड्याला शिट्टी खुळखुळत होती. शेवटी त्यांनी ती काढून शर्टाच्या खिशात टाकली.

“तुम्ही आलात, फार बरं वाटलं,” कामिनी खिडकीबाहेर बघत हळूच म्हणाली.

“हं,” भारंबे म्हणाले. कहकशाला ऐकवायचं पहिलं वाक्य ते मनात घोटत होते.

धुळ्याच्या स्टँडवर उतरून रिक्षा ठरवली. कामिनी म्हणाली, “आधी खोलीवर जाऊ. भिकुबाई किल्ली घेऊन वाट बघत असतील.”

“खोलीबिली नंतर. आधी मृण्मयीचा निकाल लावतो.”

“कोण मृण्मयी?”

“तुला नाही माहीत. आठ दिवस डोकं खाल्लंय तिने माझं. चारदा सोडून गेली.”

रिक्षावाल्याने चालू केलेली रिक्षा बंद केली.

“चारदा?” कामिनीने विचारलं.

“हो ना! समोसा खाऊ घातला, गजरा दिला...”

“गजरा?”

कामिनीने हा शब्द असा उच्चारला, की पलीकडच्या बाकावरच्या दोन बायांनी पिशव्या बाजूला सरकवून नीट ऐकायला घेतलं. बावीस वर्षांत तिला गजरा मिळाला होता तो एकदा, आणि तोही एका दुकानाच्या उद्घाटनाला फुकट वाटत होते म्हणून.

“ती इथे राहते? धुळ्यात?”

“ती नाही. तिला बोलायला शिकवलं ती बाई इथे राहते. तिच्याकडेच चाललोय. आज दोघींनाही सरळ करतो.”

कामिनीने वळकटी उचलून रिक्षात टाकली आणि स्वतः आत बसली. “चला. मलाही बघायचीय.”

रिक्षावाला मान वळवून म्हणाला, “ताई, मी बाहेर थांबतो बरं का. तुम्हाला परत जायला लागंल.”

कहकशाचं घर दुमजली होतं. खाली कॉम्प्युटरचे क्लास आणि वर राहती जागा. कहकशा सव्वीस-सत्तावीस वर्षांची, चष्मेवाली, कपाळावर आठी घेऊनच दार उघडणारी मुलगी होती. तिची आई खातूनबी पलंगावर बसून मेथी निवडत होत्या. कामिनीने आधी खोलीभर नजर फिरवली. मग भारंब्यांनी तावातावाने लॅपटॉप उघडला, पडद्यावर मृण्मयी आली आणि कामिनी एकदम मटकन खुर्चीत बसली.

“ही?” ती म्हणाली. “ही... चित्रातली?”

“मग तुला काय वाटलं?”

कामिनीने काय वाटलं ते सांगितलं नाही. पाणी मागितलं.

भारंबे खेळू लागले. अंगठा पट्टीवर. मृण्मयी तोंड उघडायची, ते पुढे. तिने वाक्य सुरू केलं, की ते पुढे; मध्ये एकदा समोसा, एकदा स्तुती. रिक्षातून तसाच उचलून आणलेला कुकर मांडीवर होताच. दुसरा हात त्यावर. पाच मिनिटांत चौथा दिवस उजाडला. “माझं काहीच तुमच्यापर्यंत पोचत नाही,” मृण्मयी म्हणाली आणि बसमध्ये बसली.

“गेली!” भारंबे कुकरावर थाप मारून ओरडले. “गेली की नाही? मागा माफी!”

कहकशाने लॅपटॉप स्वतःकडे वळवला. खेळात काय काय घडलं त्याची सगळी नोंद एका फाईलमध्ये होते. ती उघडून तिने मोठ्याने वाचायला सुरुवात केली.

“पहिला दिवस. मृण्मयी सांगते, आईचं ऑपरेशन ठरलंय. खेळाडू : पुढे. दुसरा दिवस. मृण्मयी सांगते, ऑपरेशन उद्या सकाळी आहे, मला भीती वाटतेय. खेळाडू : समोसा देतो. तिसरा दिवस. मृण्मयी सांगते, आई अजून शुद्धीवर नाही. खेळाडू : ‘तू आज छान दिसतेस.’”

“या अल्ला,” खातूनबी म्हणाल्या. “उसकी अम्मी दवाखाने में, और ये समोसे खिला रहे.”

“चौथा दिवस,” कहकशा पुढे वाचत होती. “मृण्मयी विचारते, मी तुम्हाला काय सांगितलं होतं, आठवतं? खेळाडू : पुढे.” तिने चष्मा काढला. “सर, मूळ खेळात या मुलीला बोलताच येत नव्हतं. फक्त लाजायची. आम्ही पाच जणांनी नोकऱ्या सांभाळून चौदा महिने घालवले, तिला बोलतं केलं. आणि तुम्ही तिला एक वाक्य पूर्ण करू न देता लिहिलंत, की आम्ही पंक्चरं काढावीत! आमच्यातल्या एकाने तुमचं वाचून काम सोडलं.”

भारंब्यांनी उत्तर द्यायला तोंड उघडलं, पण त्याआधी मागून कामिनीचा आवाज आला. अगदी शांत. वर्गात गणित चुकलेल्या मुलाशी ती याच आवाजात बोलायची.

“अहो, मी धुळ्याला कशाला आलेय?”

“म्हणजे?”

“सांगा ना. मी आज इथे कशाला आलेय?”

भारंबे हसले. “आईला भेटायला.”

“आई दिवाळीपासून चाळीसगावला दादाकडे आहे.”

“हो, ते माहीत आहे मला,” भारंबे म्हणाले. त्यांना माहीत नव्हतं. “मग... लग्न असेल कोणाचं.”

“लग्नाला कुकर घेऊन येतात?”

खातूनबींच्या हातातली मेथी थांबली. कहकशाने लॅपटॉप हळूच मिटला.

“सोमवारी मी इथल्या शाळेत मुख्याध्यापिका म्हणून हजर होतेय,” कामिनी म्हणाली. “इथेच राहणार आहे. मी विचारलं, होकार कळवू का, तर तुम्ही म्हणालात, कळव ना.”

आणि भारंब्यांनी इथे आयुष्यातली सर्वांत मोठी चूक केली. ते चिडले.

“मला कोणी सांगितलं नाही!”

तीन बायका त्यांच्याकडे बघत राहिल्या. जिन्यावरून रिक्षावाला दारात डोकावला.

“सांगितलं नाही?” कामिनी उभी राहिली. “शनिवारी वांगी भाजताना सांगितलं. मंगळवारी भाजी घेताना सांगितलं. काल पिशवी भरताना सांगितलं. बावीस वर्षं सांगतेय! डिंपलला नाशिकच्या कॉलेजात घातली तेव्हा महिन्याने विचारलंत, पोरगी दिसत नाही ती? माझ्या दाढेचं ऑपरेशन झालं, मी तोंडाला फडकं बांधून आठ दिवस गप्प होते, तुम्ही शेजाऱ्यांना सांगितलंत, हल्ली घरात शांतता असते! आणि मी वेडी. आठ दिवस आनंदात होते. नवरा सोबत येतोय, इभ्रतीचा प्रश्न म्हणतोय! इभ्रत कोणाची, तर समोशाची!”

ती तरातरा जिना उतरून गेली. सामानासकट रिक्षा जाग्यावरच होती. रिक्षाचा आवाज लांब जाईपर्यंत भारंबे कुकर मांडीवर घेऊन बसून होते.

“तुम्हीही जा आता,” कहकशा म्हणाली. “माफीचं नंतर बघू.”

“मियाँ,” खातूनबी म्हणाल्या, “गेम तो फिर से शुरू होता है. उठो, रिक्षा पकडो.”

भारंबे रस्त्यावर आले आणि त्यांच्या लक्षात आलं, की कुठे जायचं तेच आपल्याला ठाऊक नाही. खोली कुठे घेतली, तेही तिने नक्की सांगितलं असणार. मंगळवारी, भाजी घेताना. त्यांना मंगळवारचं एवढंच आठवत होतं, की गिलकी महाग होती आणि आपण भाजीवालीवर चिडलो होतो. कामिनी फोन उचलत नव्हती. शेवटी त्यांनी मन घट्ट करून चाळीसगावला सासूबाईंना फोन लावला.

“आई, कामिनीची खोली... म्हणजे पत्ता जरा...”

पलीकडून पुष्पाबाईंनी कपाळावर हात मारल्याचा आवाज आला. मग त्यांचा मूळचा अहिराणी खाक्या सुरू झाला. “जवाईबापू, बठ्ठास्ले माहीत शे! मन्हा नातूले माहीत शे, दूधवालाले माहीत शे, आन् तुम्हलेच नही? कान कोठे ठेवेल शेत तुम्ही?” पत्ता सांगायला त्यांना एक वाक्य पुरलं असतं. त्यांनी पंचवीस मिनिटं घेतली आणि पत्ता सर्वांत शेवटी सांगितला. मध्ये एकदाही फोन कानापासून दूर न्यायची भारंब्यांची हिंमत झाली नाही.

धुळ्याच्या देवपूर भागातल्या त्या घराच्या ओट्यावर घरमालकीण भिकुबाई बसल्या होत्या. त्यांनी भारंब्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि आत हाक दिली, “बाई, तो कुकरवाला आला!”

दार उघडलं. कामिनीने कुकर घेतला. दार बंद झालं.

भारंबे उभे राहिले. राग येत होता, पण कोणाचा ते नीट लागत नव्हतं. दार पुन्हा उघडलं.

“शिट्टी?”

शिट्टी त्यांच्या खिशात होती. त्यांनी खिशावर हात ठेवला. त्यांच्याकडे आता सौदा करण्याजोगी एवढी एकच वस्तू उरली होती. “देतो. पण आधी माझं ऐकून घे. तू जर नीट सांगितलं असतंस तर...”

कामिनीने शिट्टीसाठी हात पुढे केला. आणि बोलता बोलता भारंब्यांना काय झालं कोण जाणे, पुढचं वाक्य घशाशी येऊन थांबलं. त्यांनी ते गिळलं. ते गिळताना त्यांचा चेहरा असा झाला, की भिकुबाईंनी तांब्या पुढे केला.

“नाही,” ते म्हणाले. “तू सांग.” आणि त्यांनी शिट्टी काढून तिच्या हातात दिली.

“आता सांगायला काही उरलं नाही,” कामिनी म्हणाली. पण उरलं होतं. ओट्यावर बसून ती दोन तास बोलली. त्यातला पहिला तास भारंब्यांनी नुसत्या शिव्या खाल्ल्या (मास्तरीणबाईंच्या, म्हणजे शुद्ध मराठीतल्या, त्या जास्त लागतात). दुसऱ्या तासात ती म्हणाली, नव्या शाळेत सगळे अनोळखी आहेत, मला जमेल की नाही याची आठ दिवस भीती वाटतेय. भारंबे काही बोलले नाहीत. दोनदा जिभेवर आलं, ‘तू आज छान दिसतेस.’ दोन्ही वेळा वाचले.

रविवारी ते एकटे जळगावला परतले आणि मृण्मयीसमोर बसले. अंगठा खिशात घातला. तिची आई शुद्धीवर आली, तेव्हा त्यांना स्वतःच्या नकळत बरं वाटलं. चौथा दिवस गेला, दहावा गेला, अकराव्याला चेहरा जाग्यावर होता. तिसाव्या दिवशी मृण्मयीने त्यांना नकार दिला, पण समजावून, चहा पाजून दिला. पुढच्या ‘परखड’चा मथळा होता : ‘चूक परीक्षकाची’. त्यात त्यांनी लिहिलं : ‘खेळ उत्तम आहे. मृण्मयी चौथ्या दिवशी गेली ती माझ्यामुळे. पंक्चरचं वाक्य मी मागे घेतो आणि काम सोडून गेलेल्या मित्राने परत यावं अशी हात जोडून विनंती करतो.’ लीलाधरभाऊंनी ते तीनदा वाचलं आणि तब्येतीची चौकशी करायला फोन केला. कहकशाचा निरोप आला, ‘मित्र परत आला. पण सर, तुम्ही कौतुक करायला लागलात तर सदर कोण वाचेल?’

त्यानंतरचा शनिवार आला. दुपारी भारंबे धुळ्याला पोचले. कामिनी खिडकीकडे तोंड करून, पाठमोरी, वह्या तपासत बसली होती. राग पुरता गेला नव्हता. त्यांना बघून नुसती मान हलवली. भारंबे आवाज न करता कॉटवर टेकले. थोड्या वेळाने ती आपणहून बोलू लागली.

“तुमची फार आठवण येते हो,” ती म्हणाली.

भारंब्यांच्या मनात लख्ख उजेड पडला. ते हलले नाहीत.

“इतकी वर्षं रोज सोबत काढली, त्याचं तेव्हा काही वाटलं नाही. आता सकाळ झाली की चुकल्यासारखं होतं. तुम्ही होतात म्हणून निभलं. माझी चिडचिड तुम्हीच सहन केलीत.”

चिडचिड हिची? आणि सहन आपण केली? भारंब्यांना हिशोब उलटा वाटला, पण त्यांनी मध्ये बोलायचं नाही असं ठरवलं होतं. त्यांचे डोळे पाणावले.

“आणि तुमच्या हातची ती कळण्याची भाकरी! तशी इथे कोणाला जमत नाही.”

आपण भाकरी कधी थापली, हे भारंब्यांना आठवेना. पण न आठवणाऱ्या गोष्टींवर वाद घालायचे दिवस आता संपले होते. ते उठले, तिच्या मागे जाऊन उभे राहिले आणि म्हणाले, “कामिनी, मलाही तुझी फार आठवण येते गं. मी सगळं ऐकलं. एकूण एक शब्द.”

कामिनी दचकून वळली. तिच्या केसांआड, कानात, ते वायर नसलेलं पांढरं यंत्र होतं. जळगावच्या शाळेत बावीस वर्षं तिच्या हाताशी असलेल्या शेवंताबाई नावाच्या सेविका फोनवर होत्या.

“काही नाही हो, शेवंताबाई,” ती म्हणाली. “टीव्ही चालू राहिला होता. करते बंद.”